मखमली सपाता

चालणाऱ्याच्या पुढे दिवा होऊन चालणाऱ्या, हरवलेल्याच्या मागे आई होऊन धावणाऱ्या परमेश्वरा, तुझ्या पायांशी आधी मस्तक ठेवतो. तुझ्यानंतर तुझ्या त्या सेवकाच्या, संत स्पिरिदोनच्या पायांशी. जगाला वाटते, तो चांदीच्या पेटीत शांत निजला आहे. पण निजलेल्याच्या सपाता कधी झिजतात का? आमच्या संताच्या झिजतात. दर वर्षी त्याच्या पायांत नव्या मखमली सपाता चढवतात, आणि दर वर्षी त्या उतरवताना तळवे विरलेले असतात. बेटावर कुणाची होडी भरकटली, कुणाचे मूल तापाने फणफणले, कुणी वाट चुकले, की तो उठतो आणि चालू लागतो. कधी कधी पेटीच्या कुलपात किल्लीच फिरत नाही. तेव्हा पुजारी खांदे उडवून म्हणतात, स्वारी बाहेर गेली आहे. कॉर्फूच्या आमच्या जुन्या शहरात या वाक्यावर कुणी शंका घेत नाही. पोस्टमन फेरीवर गेला म्हटल्यावर घेत नाहीत, तसेच.

अशा या चालत्या संताच्या शहरात एक चालती बाई राहते. तिचे नाव स्तामातेला.

स्तामातेला गाइड आहे. सकाळी ती जुन्या किल्ल्याच्या पुलापाशी उभी राहते, हातातले लाकडी फावडे उंच धरते, आणि तिच्यामागून परदेशी माणसांची रांग आमच्या गल्ल्यांत शिरते. इतर गाइड छत्री धरतात, झेंडा धरतात, कुणी प्लास्टिकचे सूर्यफूल धरते. स्तामातेलाच्या हाती मात्र भट्टीत पाव सारायचे फावडे असते. दांडा अर्धा कापलेला, टोकाला लाल फीत. पाहुणे हसतात. हसू देत. फावडे दिसले की वाट सापडते, एवढे त्यांना पहिल्याच वळणावर कळते.

ते फावडे तिच्या सासऱ्यांचे. अर्सेनिस त्यांचे नाव. सगळे आयुष्य त्यांनी कांपिएलोच्या बोळातल्या भट्टीपाशी काढले. पहाटे पाव भाजले आणि संध्याकाळी जुन्या बँडमध्ये सगळ्यांत मोठे, सगळ्यांत खोल आवाजाचे पितळी वाद्य वाजवले. उत्तरेकडच्या डोंगरातल्या खेड्यातून स्तामातेला त्यांच्या घरी सून होऊन आली, तेव्हा तिला शहराची धास्ती वाटे. सगळे बोळ सारखे, सगळ्यांवर वाळत घातलेल्या चादरी, आणि सगळ्या चादरी पांढऱ्या! मग सासऱ्यांनी तिला पावाच्या फेरीवर बरोबर न्यायला सुरुवात केली. पुढे टोपली घेऊन सासरे, मागे पिशवी घेऊन सून.

"ही विहीर बघ. हिच्या कठड्यावर बसून माझ्या आज्यानं आजीला मागणी घातली. आजी म्हणाली, आधी तो पाव खाऊन बघते."

"मग बाबा?"

"मग काय, पाव चांगला होता. आणि हा जिना नीट लक्षात ठेव. उजवीकडे वळतोय असं दाखवतो, पण लबाड आहे. डावीकडेच जायचं."

अशा रीतीने, पावाच्या वासामागून चालता चालता, ती शहर शिकली. पुढे वाट चुकलेले परदेशी लोक भट्टीच्या दारात येऊन थांबत, आणि ती हात पुसत त्यांना चौकापर्यंत सोडून येई. शेजारणी चिडवत, "काय गं, पाव विकतेस की रस्ते?" एके दिवशी तिने उत्तर दिले, "पाव बाबा विकतील, रस्ते मी विकते," आणि खरोखरच अभ्यास करून, परीक्षा देऊन, गळ्यात बिल्ला घालून आली. तरीही तिच्या प्रत्येक वाक्याच्या पोटात सासऱ्यांचे एक वाक्य असे. ज्ञान असेच वाहते, ओंजळीतून ओंजळीत.

आणि मग, परमेश्वरा, तुझी लीला तूच जाणे, पहिली ओंजळ रिती होऊ लागली. अर्सेनिसबाबांना आधी माणसांची नावे आठवेनाशी झाली. मग देणे-घेणे गेले, मग भट्टी बंद झाली हे विसरले, आणि शेवटी घरचा जिना परका झाला. सरत्या हिवाळ्यात ते पहाटे उठून बाहेर पडले, आणि फालिराकीच्या घाटावर, समुद्राच्या पायरीवर, घोट्याइतक्या पाण्यात उभे असलेले सापडले. आणखी एक पायरी, आणि पुढे खोल पाणी. त्या दिवसापासून दाराला आतून वरचा अडसर लागला. तो त्यांच्या हाताला पोहोचत नसे.

त्यांचे पाय सुजत; एकही बूट चढत नसे. म्हणून स्तामातेलाने त्यांच्या बँडच्या जुन्या अंगरख्याची लाल मखमली कॉलर उसवली, खांद्यावरचा सोनेरी गोफ काढला, आणि ईस्टरसाठी त्यांना सपाता शिवून दिल्या. बाबांनी त्या पायांत घातल्या, खाली पाहिले, आणि विचारले, "मिरवणूक किती वाजता आहे?" त्यानंतर ते घरातसुद्धा मिरवणुकीच्या चालीने चालू लागले. एक पाऊल, थांबा. दुसरे पाऊल, थांबा.

आता मे महिन्यातली ती सकाळ ऐका.

स्तामातेलाचा नवरा फिलिप्पोस पलीकडच्या किनाऱ्याला जाणाऱ्या फेरीबोटीवर काम करतो. अंधार असतानाच तो निघाला. निघताना बायकोच्या खांद्याला हात लावून म्हणाला, "उठ, अडसर घाल." ती झोपेतच म्हणाली, "हो, घालते." दिवसभर दगडावर चालून थकलेल्या देहाचे ते उत्तर होते, मनाला त्याची खबरच नव्हती. तिला जाग आली तेव्हा दार उघडे होते, खिडकीतल्या सब्जाच्या कुंडीवर ऊन आले होते, आणि बाबांची खुर्ची रिकामी होती.

ती जिन्यावरून अनवाणी धावली. बोळाच्या या टोकाला कुणी नाही, त्या टोकाला कुणी नाही. शेजारची आद्रियाना फालिराकीकडे पळाली आणि धापा टाकत परत आली.

"घाटावर कुणी नाही गं. पाणी पण शांत आहे."

"पाणी शांतच असतं, आद्रियाना. नंतर पण शांतच असतं."

"असलं काही बोलू नकोस! तोंड धू आधी."

तिने नवऱ्याला फोन लावला. तो समुद्राच्या मध्यावर होता. "मी परतीच्या फेरीनं येतो," एवढेच तो म्हणाला, पण म्हणताना त्याचा आवाज फाटला. बंदराच्या पोलिसांना कळवले. आणि मग तिला आठवले, किल्ल्याच्या पुलापाशी तिची मंडळी जमली असतील.

त्यांना परत पाठवावे, असे क्षणभर तिच्या मनात आले. पण दुसऱ्याच क्षणी विचार आला, गल्ल्या तर धुंडाळायच्याच आहेत. बाबा पावाच्या फेरीवर निघाले असतील, तर ती फेरी आणि माझी फेरी एकच आहे. तिने तोंडावर पाणी मारले, फावडे उचलले, आणि निघाली. ओठांवर एकच नाव, संताचे.

पुलापाशी जर्मनीहून आलेले निवृत्त स्त्री-पुरुष उभे होते. त्यांत गुड्रुन नावाची एक उंच बाई होती, हातात काठी, नजर धारदार. जन्मभर रेल्वेत तिकिटे तपासलेली बाई. तिच्या डोळ्यांतून काही निसटत नसे. स्तामातेलाने स्वागत केले, जर्मनमध्ये दोन विनोद केले, आणि चालायला सुरुवात केली. तोंड रोजचे बोलत होते. हा दरवाजा, हे सिंहाचे शिल्प, हे व्हेनिसवाल्यांनी बांधलेले घर. पण डोळे प्रत्येक ओसरीत, प्रत्येक कमानीखाली, प्रत्येक अंधाऱ्या जिन्यात शिरून रिकामे परत येत होते.

दुसऱ्याच बोळात गुड्रुन तिच्या शेजारी आली.

"बाई, एक विचारू? तुम्ही आम्हाला वर दाखवता आणि स्वतः खाली बघता. काय हरवलंय?"

स्तामातेलाने हसायचा प्रयत्न केला. हसू अर्ध्यावर मोडले. "माझे सासरे," ती म्हणाली. "पहाटेपासून सापडत नाहीत. त्यांना काही आठवत नाही. माफ करा, मी तुम्हाला सांगायला हवं होतं."

गुड्रुनने मागे वळून सगळ्यांना दोन वाक्यांत सांगितले. कुरकुर नाही, चुळबुळ नाही. मागून एक टकला गृहस्थ म्हणाला, "दिसतात कसे, ते सांगा. चर्च काय, पाचशे वर्षं उभी आहेत, आणखी तासभर थांबतील."

"पांढरी दाढी. बुटके. करडा कोट. पायांत लाल मखमली सपाता."

"बूट नाहीत?"

"पाय सुजतात त्यांचे."

"मग फार लांब गेले नसतील," गुड्रुन म्हणाली. "चला. तुम्ही उजवीकडे बघा, आम्ही डावीकडे बघतो."

धन्य ती माणसे! पाहुणे म्हणून आली, आणि घरची झाली. ती रांग आता शहर बघत नव्हती. ती एका म्हाताऱ्याला शोधत होती. आणि गंमत अशी की, इतक्या बारकाईने शहर कुठल्याही रांगेने कधी पाहिले नसेल.

संताच्या चर्चपाशी त्यांची फेरी नेहमी थांबते. स्तामातेला आत शिरली तेव्हा पेटीपुढे दर्शनाला आलेल्या बायका ताटकळत उभ्या होत्या. पेटीची आणि समयांची निगा राखणारे पांदेलिसकाका दारात आले.

"आज नुसतं बाहेरून पाया पडून जा, पोरी. किल्ली फिरत नाही."

"फिरत नाही?"

"सकाळपासून. फादरनी स्वतः प्रयत्न केला. स्वारी बाहेर आहे." मग तिचा चेहरा पाहून ते थांबले. "काय झालं गं?"

"बाबा पण बाहेर आहेत, काका. एकटे."

पांदेलिसकाका हळूच म्हणाले, "एकटे कसे? आमचे पण बाहेर आहेत म्हटलं ना तुला."

स्तामातेलाने मेणबत्ती लावली. तिने बंद पेटीला कपाळ टेकले आणि कुणाला ऐकू जाणार नाही अशा आवाजात म्हटले, "वाटेत भेटले तर ओळखाल ना? तुमच्यासारख्याच सपाता आहेत त्यांच्या पायांत. मीच शिवल्यात. टाके काही फार चांगले नाहीत."

भक्ती अशी असावी. मागणे एवढेसे, आणि लाज टाक्यांची!

बाहेर पडून ती मंडळी विहिरीच्या चौकात आली, तो तिथे ही गर्दी. वरच्या गॅलरीत म्हातारी रेगिना उभी होती, हातात दोरीला बांधलेली टोपली, आणि खाली शेजारणींचा घोळका. टोपली खाली सोडायचे भान रेगिनाला नव्हते. ती हवेतच झुलत होती.

"पाहिलं, म्हणजे पाहिलं!" रेगिना वरून ओरडत होती. "ह्या ह्या डोळ्यांनी!"

"कुठल्या डोळ्यांनी, मावशी?" खालून एकजण म्हणाली. "मोतीबिंदूच्या की दुसऱ्या? मागच्या आठवड्यात तुम्हाला माझा नवरा बिशप वाटला होता."

"तुझ्या नवऱ्याला बिशप समजायला आंधळं असून भागत नाही, वेडं असावं लागतं. गप्प बस आणि ऐक. पहाटे मी विहिरीवर कुंड्यांना पाणी घालत होते. समोरून संत आले!"

सगळ्यांचे हात छातीवर क्रूस काढू लागले. चर्चमधून आलेल्या एका बाईने दुजोरा दिला, "खरंच असेल बायांनो. किल्ली फिरत नाहीये."

"बघा! मी किल्लीचं ऐकायच्या आधीच सांगत होते की नाही? पांढरी दाढी. पायांचा आवाज नाही. एक पाऊल, थांबायचं. दुसरं पाऊल, थांबायचं. मी तिथल्या तिथे गुडघ्यावर बसले आणि त्यांच्या हाताचा मुका घेतला."

"मग काय म्हणाले?"

"म्हणाले..." रेगिनाचा आवाज दाटून आला. "म्हणाले, 'बाई, पाव अजून भट्टीत आहे. जरा धीर धर.' माझ्या नातीचं लग्न जमत नाहीये, हे मी कुणाला बोलले नव्हते! आणि त्यांनी बरोबर ओळखलं. पाव भट्टीत आहे! जमणार, लग्न जमणार!"

स्तामातेला घोळक्यातून वाट काढत गॅलरीखाली गेली.

"रेगिनामावशी, संतांच्या पायांत काय होतं?"

"काय म्हणजे? सपाता! लाल मखमल, कडेनं सोनेरी गोफ. अगदी पेटीतल्यासारख्या."

"डाव्या पायाचा गोफ सुटून लोंबत होता?"

"होता की! मी म्हटलं, एवढा मोठा संत, आणि त्यांची सपात कुणी शिवत नाही? पण तुला गं कसं कळलं?"

खरे कळायला एका शब्दाचे अंतर होते. स्तामातेलाने वर पाहिले. रेगिनाचे डोळे, मोतीबिंदूखालीसुद्धा, लखलखत होते. कित्येक वर्षांत त्या चेहऱ्यावर एवढे ऊन पडले नव्हते. ते ऊन पुसायला जीभ वळली नाही.

"ऐकलं होतं मी," ती म्हणाली. "कुठल्या बाजूला गेले?"

"भट्टीच्या बोळाकडे. त्यांना काय, सगळे बोळ त्यांचेच!"

"मावशी, देव तुझं भलं करो. नातीच्या लग्नात नाचायला मी पहिली येणार."

गुड्रुनला यातले अक्षर कळले नव्हते. पण चेहरे वाचणे तिला येत होते. "सापडले?"

"वाट सापडली," स्तामातेला म्हणाली, आणि धावत सुटली. मागे काठ्या, टोप्या, कॅमेरे, सगळी रांग धावत सुटली. दगडी बोळात अशी रांग धावते तेव्हा जो आवाज होतो, तो आमच्या लोकांनी याआधी फक्त भूकंपात ऐकला होता. खिडक्या उघडल्या. "काय झालं?" "स्तामातेलाचे पाहुणे पिसाळले!"

जुन्या भट्टीच्या जागी आता कुमक्वाट या इवल्या संत्र्याच्या दारूच्या बाटल्या आणि फ्रिजवर चिकटवायच्या चित्रांचे दुकान आहे. दुकानदार पलीकडच्या मुलुखातून या मोसमातच आलेला. त्याला बाबा माहीत असायचे कारण नव्हते.

"आले होते एक आजोबा," तो म्हणाला. "भट्टी थंड का ठेवली म्हणून मला जाम झापलं. म्हणाले, लोक उठतील, पाव मागतील, काय तोंड दाखवू? मी त्यांना खुर्ची दिली, पाणी आणायला आत गेलो. बाहेरून पिवळी छत्री गेली, तिच्यामागे माणसं गेली, आणि आजोबा पण गेले. मला वाटलं, त्यांच्यातलेच असतील. चुकलं का हो माझं?"

"तुम्ही खुर्ची दिलीत," स्तामातेला म्हणाली, "तेवढं पुरे आहे." आणि पुन्हा पळाली.

कमानींच्या रस्त्याला लागून आमचे मोठे मैदान आहे. सकाळच्या त्या वेळी तिथे जहाजांची सगळी प्रजा उतरलेली असते. छत्र्याच छत्र्या, आणि त्यातल्या पिवळ्याच जास्त! स्तामातेला एका घोळक्यातून दुसऱ्यात शिरली. इथे पांढरी दाढी, पण उंच माणूस. तिथे करडा कोट, पण दाढी नाही. मैदानाच्या त्या टोकाला किल्ल्याचा खंदक, त्याच्याखाली समुद्र. तिने फावडे होते तेवढे उंच केले. तिची उंची ती काय!

"इकडे द्या," गुड्रुन म्हणाली. "एवढी लांब देवानं उगाच केली नाही मला." तिने काठी टकल्या गृहस्थाच्या हाती दिली, फावडे घेतले, आणि टाचा उंचावून ते आकाशात धरले. लाल फीत वाऱ्यावर फडफडली.

आणि बँडच्या चौथऱ्याजवळून, गर्दीच्या पोटातून, एक खोल, भरदार, पितळी आवाज आला:

"ए! माझं फावडं कुणी घेतलं? पाव जळतील ना!"

परमेश्वरा! हाक माणसाने मारली, की तूच मारवलीस?

गर्दी दुभंगली. अर्सेनिसबाबा एका बाकावर, पिवळ्या छत्रीच्या अगदी पुढ्यात, चांगले ऐसपैस बसले होते. छातीवर त्या जहाजाचा गोल कागदी बिल्ला, एका कानात गाइडचे ऐकायचे यंत्र, आणि हातात कुणीतरी दिलेले आल्याचे सरबत. स्तामातेला त्यांच्या गुडघ्यांशी जाऊन बसली आणि त्यांच्या सुजलेल्या पावलांवर डोके ठेवून रडू लागली. रडणे आणि हसणे तिला वेगळे करता येईना.

पिवळ्या छत्रीचा गाइड ओरेस्तिस पांढराफटक पडला होता. तो अथेन्सचा, या बेटावर नवीन. "स्तामातेलाताई, हे तुमचे? आईशप्पथ, मला वाटलं माझ्या बसमधले आहेत. सगळ्यांना यंत्रं वाटत होतो, यांनी हात पुढे केला, मी दिलं. एवढं मन लावून माझं आजवर कुणीच ऐकलं नव्हतं हो! मी म्हटलं, बघा, एक तरी माणूस फोनमध्ये न बघता ऐकतोय."

"कसला छान सांगतो हा पोरगा!" बाबा म्हणाले. मग सुनेकडे पाहून त्यांचा चेहरा उजळला. नाव आठवले की नाही, ठाऊक नाही. माया आठवली, हे सर्वांनी पाहिले. "तू पण आलीस? बरं झालं. केवढं जुनं शहर आहे हे! तू पाहिलं होतंस कधी?"

"थोडं थोडं पाहिलंय, बाबा."

"सगळं बघ. ह्या विहिरी काय, जिने काय, वर कपडे काय वाळत घातलेले! गल्लीत पावाचा वास तेवढा यायला हवा होता." त्यांनी सरबताचा घोट घेतला. "इथली माणसं नशीबवान. इथं राहायला मिळालं तर किती बरं होईल. फिलिप्पोसला पण आणू."

स्तामातेलाने डोळे पुसले. "मिळेल की, बाबा. माझ्या ओळखीचं एक घर आहे इथं. खिडकीत सब्जाची कुंडी आहे."

"भाडं फार नाही ना सांगणार?"

"तुमच्याकडून नाही घेणार ते."

"मग चल, दाखव."

तिने फिलिप्पोसला फोन केला. "सापडले. शहर बघायला गेले होते." "कुठलं शहर?" "आपलंच रे!" पलीकडून बोटीच्या इंजिनाच्या घरघरीत नाक ओढल्याचा आवाज आला.

उरलेली फेरी जर्मन मंडळींनी सोडली नाही. "आमचं पूर्ण शहर बघायचं राहिलंय," गुड्रुन म्हणाली, आणि फावडे तिने बाबांच्या हाती दिले. त्यांनी ते घेतले, तोलून पाहिले, "दांडा कुणी कापला?" म्हणून डोळे वटारले, आणि चालू लागले. एक पाऊल, थांबा. दुसरे पाऊल, थांबा. मागे सून, तिच्यामागे ती सगळी रांग, मिरवणुकीच्या त्याच संथ लयीत. त्या लबाड जिन्यापाशी सारे थांबले. स्तामातेलाने वाट सांगितली नाही. बाबांनी उजवीकडे पाहिले, डावीकडे पाहिले, आणि त्यांची पावले डावीकडे वळली. मनातून गेलेले पायांनी जपून ठेवले होते. पुन्हा एकदा, पुढे सासरे, मागे सून.

विहिरीच्या चौकातून जाताना रेगिनाची खिडकी बंद होती. ती चर्चमध्ये मेणबत्ती लावायला गेली होती. बरेच झाले.

घरी आल्यावर स्तामातेलाने परातीत कोमट पाणी घेतले आणि बाबांच्या पायांतल्या सपाता उतरवल्या. डाव्या सपातेच्या तळव्याला समुद्राच्या शेवाळाचा एक ओला, हिरवा धागा चिकटला होता.

"बाबा, तुम्ही घाटावर गेला होता?"

"गेलो होतो. भट्टीला पाणी नको का?"

"मग?"

"मग काय? तिथं एक म्हातारा उभा होता. म्हणाला, 'अर्सेनिस, इकडे काही नाही, तुझा पाव तिकडे आहे, फिर मागे.' म्हटलं, बरं."

"कोण होता तो?"

"मला काय माहीत? परगावचा असेल." बाबांनी पाण्यात बोटे हलवली. "सपाता मात्र आपल्यासारख्याच होत्या त्याच्या. माझ्याहून झिजलेल्या. तू त्याला पण एक जोड शिवून दे."

तिने तो हिरवा धागा बोटाने उचलला आणि सब्जाच्या कुंडीत, मुळाशी ठेवला. मग शांतपणे त्यांचे पाय धुतले. दुपारी पांदेलिसकाका स्वतः जिना चढून आले. बाबा खुर्चीत पेंगत होते, त्यांना पाहून काकांनी टोपी काढली आणि दारातूनच म्हणाले, "सांगायला आलो. किल्ली फिरली." कॉफी घेतल्याशिवाय मात्र ते गेले नाहीत.

संध्याकाळी फिलिप्पोस आला तो थेट वडिलांच्या गळ्यात पडला. "हा कोण?" बाबांनी विचारले, आणि उत्तराची वाट न बघता त्याच्या डोक्यावरून हात फिरवला. मग फिलिप्पोसने दारावर एक पितळी घंटी बसवली. आता दार हलले की घंटी वाजते. घंटी वाजली की सारा बोळ खिडक्यांत येतो, आणि "बाबा, आज कुठलं शहर बघायचं?" अशी थट्टा होते. स्तामातेला खाली येते, त्यांचा हात धरते, आणि कामाला निघायच्या आधी विहिरीपर्यंत त्यांना नेऊन आणते. डाव्या सपातेचा गोफ तिने नीट टाचला आहे. शिवाय दुसरी एक जोडी ती फावल्या वेळात शिवते आहे. कुणासाठी, ते तिला कुणी विचारलेले नाही.

सर्व वाटांच्या स्वामी, त्या बाईचे पाय अखंड चालते राहोत आणि कधी दुखू नयेत. तिच्या फावड्यामागून चालणारा प्रत्येक परका घरी पोहोचो. अर्सेनिसबाबांना त्यांचे शहर रोज नव्याने आवडो, आणि त्यात त्यांना घर मिळो, रोज. फिलिप्पोसच्या बोटीला शांत पाणी दे, रेगिनाच्या नातीला मनासारखा वर दे, आणि त्या जिन्यावरच्या घरात सब्जा हिरवा, पाव गरम आणि दारातली घंटी गोड आवाजाची राहो. तथास्तु.